झेन १९९८, कार्ब्युरेटर: आधी मॅन्युअल, मग पाना

गाडी: मारुती झेन, १९९८, पेट्रोल, ९९३ सीसी, चार सिलिंडर, कार्ब्युरेटर (हवा आणि पेट्रोल मिसळणारा भाग). पासिंग एमएच-०४. नूतनीकरण २०२८ पर्यंत झालेलं.
जागा: ठाणे, वर्तकनगर, सोसायटीचं पार्किंग. खड्डा नाही, लिफ्ट नाही. जॅक आणि दोन स्टँड.
तक्रार: घोडबंदर रोडला ट्रॅफिकमध्ये तापमानाचा काटा चढतो, गाडी पळायला लागली की उतरतो. वॉटर पंपाखाली हिरवट डाग. टायमिंग बेल्ट (इंजिनाचे खालचे-वरचे भाग एका तालात फिरवणारा पट्टा) शेवटचा कधी बदलला त्याची नोंद कुठेच नाही.

२ नोव्हेंबर २०२५

कामाला हात लावण्याआधी कागद जमवायचे ठरले. झेनचे पार्ट अजून मिळतात, अडचण पार्टची नाही. अडचण आकड्यांची आहे. कुठला बोल्ट किती कसायचा, टॅपेट (व्हॉल्व्हची फट) किती ठेवायचा, बेल्टची खूण कुठे जुळवायची हे जुन्या फिटरच्या हाताला माहीत असतं, कागदावर नसतं. शिवाय दोन फिटर दोन आकडे सांगतात.

मॅन्युअल म्हटलं की चार वेगळ्या गोष्टी एकत्र होतात, म्हणून आधीच वेगळं करून ठेवलं. गाडीच्या डॅशबोर्डच्या खणात असतं ते ओनर्स मॅन्युअल: तेल किती, हवा किती, फ्यूज कुठला. दुरुस्तीला त्याचा उपयोग तेवढाच. डीलरच्या वर्कशॉपसाठी छापलेलं ते सर्व्हिस मॅन्युअल: उघडणं, मोजणं, बसवणं, टॉर्क (बोल्ट कसायचा जोर). तिसरं पार्ट्स कॅटलॉग, ज्यात प्रत्येक भाग सुटा करून काढलेलं चित्र आणि नंबर असतात. चौथं वायरिंग डायग्राम. हे कधी सर्व्हिस मॅन्युअलच्या पोटात असतं, कधी वेगळी वही. पार्ट्स कॅटलॉगला लोक कमी लेखतात. कुठला वायसर कुठल्या बाजूला येतो हे बऱ्याचदा सर्व्हिस मॅन्युअलच्या पुसट फोटोपेक्षा कॅटलॉगच्या रेखाचित्रात स्वच्छ कळतं.

५ नोव्हेंबर

गाडीची ओळख पक्की केली. आरसीवरचा चॅसी नंबर, बॉनेटखालच्या पाटीवरचा नंबर आणि ब्लॉकवर ठोकलेला इंजिन नंबर, तिन्ही एका कागदावर. चॅसी नंबर एमए३ ने सुरू होतो. हा मारुतीचा जागतिक निर्माता कोड. इंजिन नंबरची सुरुवात जी१०बी. मधल्या काळात कुणी इंजिन बदललं असेल तर मॅन्युअल चॅसीप्रमाणे नाही, इंजिनाप्रमाणे शोधावं लागतं. इथे तिन्ही जुळले.

एवढं करण्याचं कारण म्हणजे नावांचा घोळ. नुसतं ‘झेन’ शोधलं की निम्मे निकाल झेन एस्टिलोचे येतात. एस्टिलो २००६ नंतरची, सांगाडा वेगळा, इंजिन वेगळं. जुन्या झेनशी तिचं नातं नावापुरतं. मग झेन डिझेल: त्यात प्यूजोचं १५२७ सीसीचं इंजिन, त्याचंही इथे काम नाही. २००० नंतरची एमपीएफआय (कार्ब्युरेटरऐवजी इंजेक्शनची) झेन सांगाड्याने हीच, पण इंधन आणि इग्निशन निराळं.

सगळ्यात मोठी गोम अल्टोची. आपली झेन युरोपात सुझुकी अल्टो या नावाने विकली गेली. म्हणून १९९४ ते २००२ च्या युरोपियन अल्टोचं मॅन्युअल हे आपल्या झेनला सर्वांत जवळचं. पण भारतात २००० मध्ये आलेली अल्टो ही तिसरीच गाडी. म्हणजे ‘अल्टो’ लिहिलेलं मॅन्युअल हातात आलं तर ते झेनचं असेल किंवा अजिबात नसेल. कव्हरवरून कळत नाही, आत इंजिन कोड बघावा लागतो. तसंच एस्टीमचं. त्यातलं १२९८ सीसीचं इंजिन हे याच घराण्यातलं मोठं भावंड. कामाची रीत कळायला ते मॅन्युअल उत्तम. आकडे मात्र त्यातून उचलायचे नाहीत.

९ नोव्हेंबर

शोधाशोध. माटुंग्याला किंग्ज सर्कलच्या फुटपाथवर इंजिनिअरिंगची पुस्तकं ढिगाने, गाड्यांची थोडी, झेनचं नाही. कुर्ल्याला सीएसटी रोडवर पार्ट भरपूर, कागद नाही. वागळे इस्टेटमध्ये जुनी गॅरेजं विचारली; बंद होणाऱ्या गॅरेजच्या कपाटात अशी पुस्तकं असतात आणि सामानाच्या सौद्यात ती आधी रद्दीत जातात. तिथे एस्टीमची जाड वही मिळाली, तेलाने पारदर्शक झालेली पानं, पण पूर्ण. झेनची स्कॅन प्रत एका विक्रेत्याकडून पेन ड्राइव्हवर घेतली. युरोपियन अल्टोची प्रत डिजिटल संग्रहातून उतरवली.

आयटीआयच्या मेकॅनिक मोटर व्हेईकल ट्रेडची, निमी या संस्थेने काढलेली पुस्तकंही काढून ठेवली. ती कुठल्याच एका गाडीची नाहीत, पण मायक्रोमीटर वाचणं, फीलर गेज (फट मोजायच्या पातळ पात्या) धरणं, बोल्ट कुठल्या क्रमाने कसणं हे त्यात शाळेसारखं नीट दिलंय.

उतरवताना एक पथ्य: मॅन्युअल म्हणून .ईएक्सई फाइल आली तर उघडायची नाही. कागदाला स्वतःहून चालू व्हायची गरज नसते.

१२ नोव्हेंबर

तिन्ही प्रती तपासल्या. त्या काळच्या सुझुकी मॅन्युअलांची मांडणी ठरलेली: ० सामान्य माहिती आणि देखभाल, ३ स्टिअरिंग-सस्पेन्शन, ५ ब्रेक, ६ इंजिन, ७ गिअरबॉक्स आणि क्लच, ८ इलेक्ट्रिकल, ९ बॉडी. इंजिनात पुन्हा ६ए यांत्रिक भाग, ६बी कूलिंग असं. पान नंबर सलग नसतात. प्रत्येक विभाग १ पासून सुरू होतो, ६ए-१, ६ए-२. म्हणून ‘पीडीएफ ४०० पानांची आहे’ याला अर्थ नाही. प्रत्येक विभागाचं शेवटचं पान आहे का आणि मधे उडी आहे का, हे बघावं लागतं.

विकत घेतलेल्या प्रतीत ६ए मधली सहा पानं गायब निघाली. दुहेरी छापील पानांची एकच बाजू स्कॅन झाली असावी, कारण गायब पानं सगळी सम. ८ मधलं वायरिंगचं घडीचं मोठं पान मधोमध घडीवर कापलेलं. पैसे देण्याआधी अनुक्रमणिका नव्हे, घडीची पानं मागून बघायची, हे इथे लिहून ठेवतो.

१५ नोव्हेंबर

मॅन्युअल खरंच या इंजिनाचं आहे का, त्याची पडताळणी. पहिली परीक्षा गणिताची. तांत्रिक तक्त्यात बोअर (सिलिंडरचा व्यास) ७२ मिमी, स्ट्रोक (पिस्टनची चाल) ६१ मिमी दिलाय. ७.२ चा वर्ग गुणिले ०.७८५४ म्हणजे ४०.७ चौरस सेमी, गुणिले ६.१, गुणिले ४ सिलिंडर, उत्तर ९९३ च्या आसपास. आरसीवरही ९९३. जुळलं. हेच मारुती ८०० च्या जुन्या इंजिनाला लावलं (६८.५ गुणिले ७२, तीन सिलिंडर) तर ७९६ येतं. कव्हर फाटलेलं मॅन्युअल कुठल्या इंजिनाचं हे दोन मिनिटांत सांगणारा हिशेब.

दुसरी परीक्षा पार्ट नंबरची. सुझुकीचा नंबर पाच आणि पाच अशा दोन तुकड्यांत. पहिले पाच आकडे भागाची जात सांगतात, १६५१० ऑइल फिल्टर, १७४०० वॉटर पंप, १२७६१ टायमिंग बेल्ट. मारुतीच्या डब्यावर मधे ‘एम’ घुसतो, तो वगळून जुळवायचं. ०९२८३ ने सुरू होणारा नंबर ऑइल सीलचा, आणि पुढचे दोन आकडे सीलचा आतला व्यास मिमीमध्ये. त्यामुळे पार्टवाल्याने ‘हेच बसतं’ म्हणून दिलेलं सील काउंटरवरच व्हर्नियरने मोजता येतं.

तिसरी परीक्षा डोळ्यांची. मॅन्युअलमधलं एक चित्र गाडीसमोर धरायचं. युरोपियन अल्टो इथे नापास झाली: तिच्यात इंजेक्शन, आपल्याकडे कार्ब्युरेटर. म्हणून त्या प्रतीतले इंधन आणि इलेक्ट्रिकलचे विभाग फाइलमधून काढून टाकले. ६ए मात्र ठेवला. गायब सहा पानांचा मजकूर त्यातूनच भरून निघाला.

१६ नोव्हेंबर

टॉर्कचा तक्ता स्वच्छ कागदावर उतरवला. स्कॅनमधला सर्वांत घातक दोष म्हणजे दशांश चिन्ह पुसलं जाणं. एका ठिकाणी किलोग्रॅम-मीटरच्या रकान्यात ११ दिसत होतं. शेजारी न्यूटन-मीटरच्या रकान्यातही ११, आणि फूट-पौंडात ८.०. एक किलोग्रॅम-मीटर म्हणजे ९.८ न्यूटन-मीटर किंवा ७.२३ फूट-पौंड; तेव्हा तो आकडा १.१ च असणार. सहा मिमीच्या बोल्टला साधारण १० न्यूटन-मीटर पुरतात. ११ किलोग्रॅम-मीटर म्हणजे १०८ न्यूटन-मीटर लावले असते तर बोल्ट तुटून अर्धा अॅल्युमिनियममध्ये राहिला असता, किंवा आटे बाहेर आले असते.

मॅन्युअलात तीन एककं दिलेली असतात ती यासाठी वापरायची: एक रकाना वाचायचा, दुसऱ्याने तपासायचा. प्रत्येक ओळ अशी तपासली, दोन ओळी संशयास्पद निघाल्या, त्या एस्टीमच्या छापील वहीत त्याच जागच्या बोल्टशी ताडून मगच लिहिल्या.

हत्यारांचंही इथेच ठरलं. अर्धा इंची टॉर्क रेंच ४० न्यूटन-मीटरच्या पुढे; कव्हरच्या बोल्टना तो कधी ‘टक’ करणारच नाही, आणि आवाजाची वाट बघताना बोल्ट जातो. पाव इंची, ५ ते २५ चा वेगळा आणला.

२२ नोव्हेंबर

तापण्याचं काम. ट्रॅफिकमध्ये काटा चढतो आणि पळताना उतरतो, याचा अर्थ वाऱ्यावर रेडिएटर पुरतो, उभ्या गाडीत पंखा साथ देत नाही. मॅन्युअलचा ६बी उघडून पंख्याच्या स्विचची जागा आणि वायरचे रंग काढले. रंगाच्या अक्षरांत हमखास चूक होते: ‘बी’ म्हणजे काळा, निळ्याला ‘बीएल’, तपकिरीला ‘बीआर’. दोन रंग लिहिलेले असतील तर पहिला वायरचा, दुसरा तिच्यावरच्या रेघेचा.

स्विचचा कनेक्टर काढला, इग्निशन चालू, कनेक्टरच्या दोन टोकांना वायरचा तुकडा जोडला. पंखा लगेच फिरला. म्हणजे मोटर, रिले, फ्यूज ठीक, स्विच मेला. नवीन स्विच घातला. वाटेत आणखी एक वायर दिसली, मॅन्युअलात नसलेली, डॅशबोर्डाकडे गेलेली: कधीतरी कुणी पंख्याला हाताचं बटण बसवून मग तोडलेलं. अशा जोडण्या डायग्रामवर लाल पेनाने काढून ठेवल्या. सीएनजी किट बसवून काढलेल्या गाड्यांत तर हे लाल पेन फारच लागतं.

थर्मोस्टॅट (इंजिन तापेपर्यंत पाणी अडवणारी झडप) काढायला गेलो तर कव्हरखाली जागा रिकामी. ‘गाडी गरम होते’ म्हटलं की तो काढून फेकण्याची जुनी पद्धत. त्याने रोग बरा होत नाही. इंजिन तापायला उशीर लागतो, तोवर चोक चालू राहतो, पेट्रोल जास्त जातं. नवीन आणला, बसवण्याआधी भांड्यात दोऱ्याने टांगून उकळला. उघडायचं तापमान त्याच्यावर कोरलेलं असतं. थर्मामीटर धरून त्या आकड्याला तोंड हलायला लागलं का आणि उकळीपर्यंत पूर्ण उघडलं का, एवढं बघायचं. हवेची छोटी झडप वरच्या बाजूला येते, नाहीतर हेडमध्ये हवा अडकते आणि काटा पुन्हा नाचतो. रेडिएटर कॅप ०.९ ची होती तीच ठेवली, दुकानात १.१ ची ‘भारी’ म्हणून पुढे केली होती, पण पंचवीस वर्षांच्या हीटर होजला तो जादा दाब कशाला?

३० नोव्हेंबर

टायमिंग बेल्ट आणि वॉटर पंप एकत्र. पंप काढायला बेल्ट काढावाच लागतो, म्हणून एकाच खर्चात दोन्ही, शिवाय कॅम (व्हॉल्व्ह उघडणारा दांडा) आणि क्रँक (पिस्टन फिरवतात तो दांडा) यांची पुढची सीलं.

बॅटरीची निगेटिव्ह काढली. कुलंट डब्यात उतरवला. नाल्यात सोडायचा नाही, गोडसर असतो आणि कुत्री-मांजरं चाटतात. उजवं चाक आणि आतला प्लास्टिकचा पडदा काढला. पंपाच्या पुलीचे बोल्ट अल्टरनेटरचा बेल्ट ताणात असतानाच ढिले केले. बेल्ट काढल्यावर पुली हातात फिरते आणि बोल्ट सुटत नाहीत. हे मॅन्युअलात एका ओळीत आहे, आणि तीच ओळ सगळे गाळतात.

व्हॉल्व्ह कव्हर काढून रॉकरचे स्क्रू ढिले केले, म्हणजे कॅम मोकळा फिरतो आणि स्प्रिंगच्या जोराने खुणेवरून घसरत नाही.

आता खुणा. जुळवायच्या जागा दोन: कॅमच्या दात्याच्या चाकावरची खूण आणि तिच्या समोरची खाच, क्रँकच्या छोट्या चाकावरचा ठोक्याचा ठिपका आणि ऑइल पंपावरचा बाण. बाहेरच्या मोठ्या पुलीवर जी खाच आहे ती इग्निशन टायमिंगची. बेल्ट तिच्यावर जुळवायचा नाही. कॅमच्या चाकावर एकाहून जास्त खुणा आहेत. कुठली घ्यायची हे गायब सहा पानांपैकी एकावर होतं! अल्टोच्या प्रतीतलं तेच चित्र झेरॉक्स करून चाकाशेजारी चिकटवलं. जुना बेल्ट काढण्याआधी दोन्ही ठिकाणी पांढऱ्या रंगाचे ठिपके दिले, पण ते फक्त साक्षीदार. जुना बेल्ट आधीच एक दाता चुकवून बसवलेला असेल तर ठिपके ती चूक इमानाने पुढे नेतील.

पंपाच्या पोटातल्या छिद्रातून हिरवा ओघळ होता. हे छिद्र मुद्दाम ठेवलेलं असतं. आतलं सील गेलं की पाणी बेअरिंगमध्ये न जाता बाहेर येतं. कुणीतरी ते एम-सीलने बुजवलेलं होतं आणि पाणी बाजूने वाट काढत होतं. पंपाची जागा प्लास्टिकच्या पट्टीने खरवडली. स्क्रूड्रायव्हरने अॅल्युमिनियमवर चर पडते आणि नवीन गॅस्केटही गळतं.

सील बसवताना काठ बाहेरच्या पृष्ठभागाशी सपाट ठेवला, ओठाला तेल लावलं. क्रँकचं सील तेल सोडत असेल तर नवा बेल्टही फुगून जातो.

बेल्ट चढवला, टेन्शनरची (बेल्ट ताणून धरणाऱ्या चाकाची) स्प्रिंग लावली, त्याचे बोल्ट ढिलेच. क्रँक पान्याने घड्याळाच्या दिशेने पूर्ण दोन फेरे फिरवला, मग टेन्शनर कसला, मग पुन्हा खुणा पाहिल्या. हा क्रम उलटा केला तर एका बाजूची ढील टेन्शनरपर्यंत पोचतच नाही आणि इंजिन चालू झाल्यावर पट्टा कव्हरला घासतो. मागे फिरवायचं नाही. खूण ओलांडली तर पुन्हा पूर्ण दोन फेरे. पहिल्या वेळी कॅम अर्धा दाता पुढे दिसला, बेल्ट काढून परत बसवला. दुसऱ्या वेळी जुळलं.

७ डिसेंबर

टॅपेट. मॅन्युअलात दोन रकाने आहेत, थंड आणि गरम, आणि गरमचा आकडा सुमारे ०.१ मिमीने मोठा, कारण अॅल्युमिनियमचं हेड तापल्यावर वर सरकतं आणि फट वाढते. गरम इंजिनाला थंडचा आकडा लावला तर थंड झाल्यावर फट जवळपास उरत नाही आणि व्हॉल्व्ह नीट बसत नाही. थंड इंजिनाला गरमचा लावला तर नुसती टकटक.

पण ‘थंड’ची व्याख्याही तिथेच आहे: कुलंट १५ ते २५ अंश. ठाण्यात दुपारी उभी गाडीच ३२ अंशाला असते. रात्रभर बंद असली म्हणून ती मॅन्युअलच्या अर्थाने थंड होत नाही. म्हणून हे काम डिसेंबरपर्यंत मागे ठेवलं होतं. सकाळी सहाला रेडिएटरमध्ये थर्मामीटर: २२ अंश. आठपर्यंत आठही व्हॉल्व्ह संपवले. मे महिन्यात करायचं असेल तर गरमचा रकाना घेणंच बरं, मात्र तोही ६० अंशांच्या पुढचाच. मधल्या तापमानाला आकडाच नाही.

फीलर गेजची पाती तेल पुसून, सरळ आत. किंचित ओढ लागली पाहिजे. नट कसताना स्क्रू सोबत फिरतो आणि फट कमी होते, म्हणून कसल्यावर परत मोजायचं. एक्झॉस्टचा तिसरा सापडला घट्ट. आयडलवरची थरथर बहुधा त्याचीच.

१४ डिसेंबर

मॅन्युअलला माहीत नसलेल्या गोष्टी. ते छापलं तेव्हा पंपावर २० टक्के इथेनॉलचं पेट्रोल नव्हतं. जुने रबरी पाइप त्याने फुगतात, मग आतून सोलतात आणि तो चुरा कार्ब्युरेटरच्या जेटमध्ये. टाकीपासून कार्ब्युरेटरपर्यंतचे सगळे रबरी तुकडे एफकेएम (इंधनाला टिकणारं रबर) आतल्या थराच्या, एसएई जे३० आर९ छाप असलेल्या होजने बदलले. पाइपवर छाप नसेल तर दुकानदाराच्या शब्दावर घ्यायचा नाही. इथेनॉलमध्ये ऑक्सिजन असल्याने मिश्रण थोडं पातळ होतं. कार्ब्युरेटर ते स्वतः सावरत नाही, थंडीत सकाळी चोक थोडा जास्त वेळ लागतो.

पीयूसीला सीओची (कार्बन मोनॉक्साइड) मर्यादा या वयाच्या गाडीला ३ टक्के, एचसी (न जळलेलं इंधन) १५०० पीपीएम. ०.५ टक्क्याची मर्यादा बीएस-२ आणि बीएस-३ या नंतरच्या प्रदूषण निकषांच्या गाड्यांची. केंद्रावरच्या यंत्रात गाडीचं वर्ष बरोबर भरलंय का ते बघून मगच नळी लावू द्यावी.

गिअरबॉक्सचं तेलही बदललं. ७५डब्ल्यू-९०, जीएल-४. दुकानात त्याच ग्रेडचं जीएल-५ सहज पुढे येतं. त्यातली रसायनं सिंक्रोच्या (गिअर जुळवणाऱ्या कड्यांच्या) पितळेला मानवत नाहीत.

२१ डिसेंबर

घोडबंदर रोड, संध्याकाळी सात, कासारवडवलीपर्यंत चाळीस मिनिटं. काटा मध्याच्या खाली, पंखा तीनदा लागला आणि बंद झाला. पंपाखाली कागद ठेवला होता, कोरडा.

फाइल अशी लावली: पहिल्या पानावर चॅसी-इंजिन नंबर, मग तपासलेला टॉर्क तक्ता, मग विभागवार पानं. परक्या प्रतीतून आलेल्या प्रत्येक पानाच्या कोपऱ्यात ‘अल्टो’ किंवा ‘एस्टीम’ असं लाल अक्षरात. गाडीजवळ न्यायच्या पानांच्या झेरॉक्सच न्यायच्या, मूळ फाइल घरात.

राहिलेलं: विभाग ८ चं घडीचं पान अजून अर्धंच आहे. डाव्या हेडलाइटची अर्थ वायर नेमकी त्या कापलेल्या पट्टीत जाते. मल्टीमीटरने माग काढून ती पट्टी हाताने काढायची, जानेवारीत.